पिशोरची पाटी : संगणकीय खेळांतील हरपलेल्या दृश्य-घटकांचा शोध

कन्नड तालुक्यातील पिशोर या गावी जाणाऱ्या एस. टी. गाडीच्या कपाळावर गावाचे नाव लिहिलेली पाटी असते. ती वाचूनच प्रवासी गाडीत चढतो. वाहकास विचारण्याचे त्याला कारण पडत नाही. पाटी कोरी असेल, किंवा तिच्यावरील अक्षरे लागत नसतील, तर गाडी तीच, रस्ता तोच आणि चालकही तोच असून प्रवाशाच्या लेखी ती पिशोरची गाडी नव्हे. नाम आणि नामधारी यांच्या संबंधाविषयी भाषाशास्त्रात पुष्कळ लिहिले गेले आहे. त्यातील बरेचसे या एका पाटीवरून समजावून देता येईल. प्रस्तुत लेखात मात्र या पाटीचा विचार निराळ्या क्षेत्राच्या निमित्ताने करावयाचा आहे. ते क्षेत्र म्हणजे संगणकावरील व भ्रमणध्वनीवरील खेळ, आणि त्या खेळांत खेळणाऱ्यांनी आपल्या हाताने घातलेली भर.

प्राग येथील एस. सी. एस. सॉफ्टवेअर या संस्थेने २०१२ मध्ये ‘यूरो ट्रक सिम्युलेटर २’ हा खेळ प्रसिद्ध केला, आणि इंडोनेशियातील मालेओ या संस्थेने २०१७ मध्ये ‘बस सिम्युलेटर इंडोनेशिया’. मूळ खेळांत अर्थातच ना महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळाची गाडी होती, ना मराठवाड्यातील रस्ता. परंतु या दोन्ही खेळांत बाहेरून वाहने व रंगसंगती घालता येतात, आणि मराठी तरुणांनी या सवलतीचा लाभ घेऊन लाल परी, एशियाड, शिवशाही, शिवनेरी अशा गाड्या त्यांत आणल्या. १ जून १९४८ रोजी पुणे–अहमदनगर मार्गावर जिचा प्रवास सुरू झाला ती एस. टी. अशा रीतीने जर्मनीच्या महामार्गांवर आणि जावा बेटाच्या घाटांतही धावू लागली. अशा भरीस ‘मॉड’ म्हणतात. हा शब्द मराठीत बहुधा पुल्लिंगी रुळला आहे. ‘टेक्स्चर’ मात्र नपुंसकलिंगी राहिले. परकीय शब्दास लिंग देताना मराठी भाषक कोणत्या न्यायाने चालतो हा प्रश्न मोठा आहे, तूर्त तो बाजूस ठेवणे बरे.

या गाड्या घडविणाऱ्यांचा कटाक्ष विलक्षण असतो. चिकलठाणा येथील कार्यशाळेत बांधलेल्या गाडीवर २० या संकेतांकाचीच क्रमांकपट्टी हवी, आणि गाडी ज्या आगाराची त्याचे नाव तिच्या अंगावर हवे, असा त्यांचा आग्रह. आणि इतके सारे करून मॉड खेळात घातल्यावर पुष्कळदा अनुभव येतो तो असा : गाडी उभी राहते, पण लाल नव्हे तर भडक जांभळट-गुलाबी; किंवा गाडी लाल असते, पण पाटीच्या जागी पांढरा आयत असतो; किंवा पाटीही असते, परंतु ‘पिशोर’ या तीन अक्षरांच्या जागी रिकाम्या चौकटी दिसतात. चित्र कोठे गेले? ते कसे शोधावे? या प्रश्नांचे उत्तर बहुतेक ठिकाणी कृतींची एक यादी देऊन दिले जाते. यादीने कधी काम होते, कधी होत नाही. आणि झाले तरी का झाले हे करणाऱ्यास कळत नाही. रोगाचे स्वरूप समजून घेतल्यास यादीची गरज पुष्कळ कमी होते.

प्रथम हे ध्यानात घेतले पाहिजे की पडद्यावर दिसणारी गाडी ही एक वस्तू नसून परस्परांचा निर्देश करणाऱ्या अनेक फाइलींची साखळी असते. गाडीचा आकार म्हणजे त्रिकोणांची एक जाळी. त्या जाळीस स्वतःचा रंग नसतो. तिच्यात एवढेच नोंदलेले असते की अमुक भागास अमुक ‘मटेरियल’ लावावे. मटेरियल ही दुसरी फाइल. पृष्ठभाग किती चकाकावा, प्रकाश कसा परतवावा, आणि त्यावर कोणते चित्र चढवावे, हे ती सांगते. चित्र, म्हणजेच टेक्स्चर, ही तिसरी फाइल. यूरो ट्रकच्या रचनेत मटेरियल आणि चित्र यांच्यामध्ये आणखी एक लहानशी मध्यस्थ फाइल असते, आणि तीत चित्राचा पत्ता लिहिलेला असतो. म्हणजे आकृतीकडून मटेरियलकडे, मटेरियलकडून मध्यस्थाकडे, मध्यस्थाकडून चित्राकडे अशी तीन वळणे झाल्यावर कोठे गाडी लाल होते. यांतील कोणताही एक पत्ता चुकला की पुढचे सारे व्यर्थ. ‘चित्र हरवले’ असे म्हणण्याची रीत आहे खरी. पण बहुतांश प्रसंगी चित्र आपल्या जागी सुखरूप असते. हरवतो तो त्याचा निर्देश.

जाळीवर सपाट चित्र चढविण्याची क्रिया शिंप्याच्या कामासारखी आहे. गाडीचे पृष्ठभाग उलगडून, कापडावर खडूने आखावेत तसे एका चौकोनी चित्रावर आखले जातात : येथे डावी बाजू, येथे टप, या कोपऱ्यातील चिंचोळ्या पट्टीत समोरची पाटी. या आखणीचे अंक जाळीतच साठविलेले असतात. एका गाडीसाठी रंगविलेले चित्र दुसऱ्या गाडीवर चढविले तर खिडकीवर आगाराचे नाव आणि चाकावर पाटी येते. बस सिम्युलेटर इंडोनेशियात खेळणारा स्वतः निवडलेली रंगसंगती गाडीवर लावू शकतो, म्हणून तेथे हा घोटाळा वारंवार घडतो. वस्तुतः येथे काहीच हरवलेले नसते. सदरा दुसऱ्याच्या मापाचा असतो, इतकेच.

आता त्या जांभळट-गुलाबी रंगाविषयी. नवख्यास तो रंग म्हणजे बिघाड वाटतो. तो बिघाड नव्हे, बिघाडाची प्रामाणिक नोंद आहे. खेळ चालविणाऱ्या यंत्रणेस चित्र मिळाले नाही तर तिच्यापुढे तीन मार्ग असतात : थांबणे, काहीतरी खपवून देणे, किंवा ‘येथे काही नाही’ असे ओरडून सांगणे. तिसरा मार्ग पत्करणाऱ्यांनी मॅजेंटा रंग निवडला, कारण माती, दगड, झाडे, कातडी, लोखंड यांत तो क्वचितच आढळतो आणि तो नजरेतून सुटत नाही. ‘हाफ-लाइफ २’ हा खेळ (२००४) ज्या सोर्स यंत्रणेवर चालतो तीत हरवलेल्या चित्राच्या जागी जांभळ्या-काळ्या चौकड्या येतात, आणि मूळ आकृतीच हरवली तर तेथे इंग्रजीत ‘एरर’ अशी लाल अक्षरे उभी राहतात. ‘माइनक्राफ्ट’मध्येही जांभळ्या-काळ्या चौकड्याच आहेत. ‘स्कायरिम’मध्ये (२०११) चित्र नसल्यास वस्तू जांभळी होते, आकृती नसल्यास उद्गारचिन्ह असलेला लाल हिरा दिसतो. युनिटी यंत्रणेत रंग-छटा ठरविणारा भाग नीट न चालल्यास सारे गुलाबी होते. अनरियल यंत्रणेत मात्र करड्या चौकड्यांचे सौम्य वस्त्र चढविले जाते. म्हणजे रंग पाहूनच निदानास आरंभ करता येतो. आकृती दिसते व रंग जातो, तेव्हा साखळी मटेरियलपाशी किंवा त्याच्यापुढे तुटली आहे; आकृतीच नाही, तेव्हा ती आरंभीच तुटली आहे.

मराठी अभ्यासकास या पद्धतीत अपरिचित असे काही नाही. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने १९३३ ते १९६६ या काळात सिद्ध केलेल्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीत जेथे पाठ निश्चित नाही तेथे अक्षरांखाली नागमोडी रेघ दिलेली आहे. संपादकास तो पाठ डौलाने मिरविता आला असता आणि वाचकास संशयही आला नसता. त्याने तसे केले नाही, म्हणूनच पुढील अभ्यासकास काम करता येते. मॅजेंटा रंग ही त्या नागमोडी रेघेची धाकटी बहीण होय.

खरा त्रास होतो तो दुसरा मार्ग पत्करणाऱ्या यंत्रणेचा, म्हणजे जी गुपचूप काहीतरी खपवून देते तिचा. एस. टी.चे चित्र सापडले नाही तर ती मूळ खेळातील गाडीचाच रंग चढविते. करणाऱ्यास वाटते की मॉड लागूच झाला नाही, आणि तो तासन्तास भलत्याच ठिकाणी शोध घेतो.

पत्ते चुकण्याची कारणे अनेक असली तरी त्यांतील बहुसंख्य कारणे लेखनाची, म्हणजे शुद्धलेखनाची आहेत. हे विधान अतिशयोक्त वाटेल, परंतु पुढील उदाहरण पाहावे. समजा, पिशोर येथील एका विद्यार्थ्याने पाटीचे चित्र तयार करून फाइलीस गावाचे नाव रोमन लिपीत दिले. चित्र साठविताना त्याने पहिले अक्षर मोठे ‘पी’ लिहिले आणि मटेरियलमध्ये पत्ता लिहिताना लहान ‘पी’. विंडोज या प्रणालीत ही दोन्ही नावे एकच समजली जातात. त्याच्या संगणकावर पाटी व्यवस्थित दिसते. तोच मॉड लिनक्सवर चालणाऱ्या संगणकात गेला की तेथे मोठा व लहान ‘पी’ ही दोन भिन्न अक्षरे ठरतात, आणि पाटी हरवते. चित्र करणारा म्हणतो, ‘माझ्याकडे दिसते.’ घेणारा म्हणतो, ‘माझ्याकडे दिसत नाही.’ दोघेही खरे बोलत असतात. यावर तोडगा एकच : सर्व नावे लहान लिपीत, जागा न सोडता लिहावीत. आणि ‘श’साठी रोमन ‘एस-एच’ लिहावयाचे की नुसता ‘एस’, हे एकदा ठरवून कागदावर लिहून ठेवावे. मराठी गावांच्या रोमन लेखनात एकवाक्यता नाही हे रेल्वेच्या फलकांवरूनही कळते.

मग फाइलींची नावे देवनागरीतच द्यावीत, असे कोणास वाटेल. तेथे संकट अधिक सूक्ष्म आहे. पिशोरच्या परिसरात गौताळ्याचे डोंगर आहेत. देखाव्यासाठी एखाद्याने ‘दऱ्या’ या नावाचे चित्र केले असे समजू. यातील अर्धा र युनिकोडात किमान दोन प्रकारे लिहिता येतो : ०९३१ क्रमांकाच्या ‘ऱ’ला हलन्त जोडून, किंवा ०९३० क्रमांकाच्या साध्या ‘र’ला हलन्त व त्यापुढे एक अदृश्य, शून्य रुंदीचे जोडचिन्ह देऊन. पडद्यावर दोन्ही रूपे तंतोतंत सारखी दिसतात. संगणकाच्या लेखी ती दोन निराळी नावे आहेत. शिवाय ‘ऱ’ हे अक्षरच ‘र’ आणि नुक्ता यांच्या संयोगाने लिहिण्याची मुभा आहे. युनिकोड हे रूप पहिल्याशी सममूल्य मानतो, परंतु प्रत्येक फाइल-व्यवस्था ते मानतेच असे नाही. ॲपलच्या जुन्या फाइल-व्यवस्थेत तर नाव साठवितानाच अशी अक्षरे सोडवून ठेवली जात. आणि जर एखाद्या साधनाने ते अदृश्य जोडचिन्ह निरुपयोगी समजून गाळले, तर ‘दऱ्या’चे ‘दर्या’ होते. कन्नड तालुक्यात अशा प्रकारे समुद्र येतो. विनोद सोडला तरी तत्त्व उरते : मराठीत अर्थभेद करणारा र-काराचा हा भेद यंत्रणेच्या दृष्टीने नगण्य ठरू शकतो. यास्तव फाइलींची नावे देवनागरीत न ठेवणेच आज श्रेयस्कर, हे काहीशा नाराजीने का होईना, मान्य केले पाहिजे. पाटीवरील मजकुराशी फाइलीच्या नावाचा काही संबंध नसतो; ‘पाटी एक’, ‘पाटी दोन’ एवढे नावही पुरते.

पत्त्याचा आणखी एक दोष असा की तो फार पूर्ण असतो. चित्रकार आपल्या संगणकावर आकृती करतो तेव्हा काही साधने चित्राचा संपूर्ण पत्ता, म्हणजे अमुक डिस्क, तमुक व्यक्तीच्या नावाचे फोल्डर, त्यातील अमुक कप्पा असा, फाइलीत नोंदवून टाकतात. दुसऱ्याच्या संगणकावर तसे फोल्डर असणे शक्यच नाही. पिशोरात ‘मारुतीच्या देवळामागचे घर’ हा पत्ता पुरतो, आणि त्याच पत्त्याचे पत्र पुण्यात टाकले तर पोहोचत नाही. येथे प्रकार उलटा आहे, अति-नेमका पत्ता स्थानांतर सहन करीत नाही. ब्लेंडर या आकृती-साधनात सापेक्ष पत्ता ठेवण्याची सोय आहे, तिचा उपयोग करावा. हरवलेले चित्र तेथेही गुलाबीच दिसते, त्यामुळे खेळात जाण्यापूर्वीच चूक पकडता येते.

याच जातीची पण अधिक प्रचलित चूक मॉड बांधताना होते. मॉडमधील सर्व फोल्डरे एका वेष्टनात, म्हणजे झिप-फाइलीत, घालावयाची असतात. करणारा ती फोल्डरे निवडण्याऐवजी त्यांना धारण करणारे बाहेरचे फोल्डरच वेष्टनात घालतो. परिणामी प्रत्येक पत्त्यापुढे एक अनपेक्षित पायरी वाढते आणि एकही पत्ता जुळत नाही. वेष्टन उघडून पाहिले असता सर्व काही आत असल्याचे दिसते, म्हणून ही चूक पुष्कळदा शेवटी सुचते. ती प्रथम तपासावी.

भ्रमणध्वनीवर आणखी एक अडचण आहे. अँड्रॉइड प्रणालीच्या अकराव्या आवृत्तीपासून (२०२०) एका अनुप्रयोगाच्या खाजगी फोल्डरात दुसऱ्या अनुप्रयोगास सहज हात घालता येत नाही. सुरक्षिततेच्या दृष्टीने हे योग्यच झाले. पण ‘फाइल तेथे ठेवली’ असे ज्यास वाटते त्याची फाइल तेथे गेलेली नसते, किंवा गेलेली असून त्यास दिसत नाही. जुन्या काळी लिहिलेल्या सूचना अशा वेळी दिशाभूल करतात.

कधी कधी पत्ता बिनचूक असतो, चित्र सापडते, आणि तरीही काही दिसत नाही. चित्रात लाल, हिरवा, निळा या तीन थरांखेरीज पारदर्शकतेचा एक चौथा थर असू शकतो. पाटी करताना तो थर चुकून शून्य राहिला तर पाटी काचेसारखी होते : ती असते, पण आरपार दिसते. चित्राचे मापही विचारात घ्यावे लागते. ५१२, १०२४, २०४८ अशी दोनच्या घातातील मापे यंत्रणांस मानवतात. पाटी लांबट म्हणून कोणी १००० गुणिले १७५ असे चित्र केले तर काही ठिकाणी ते सरळ नाकारले जाते. खेळांत प्रचलित असलेले डी. डी. एस. हे चित्ररूप चार बिंदू रुंद व चार बिंदू उंच अशा चौकटींनी चित्र आवळते, म्हणून चारने भाग न जाणारे माप त्यास जुळत नाही. आवळण्याचा लाभ लहान नाही. २०४८ गुणिले २०४८ मापाचे चित्र न आवळता ठेवल्यास स्मृतीत १६ मेगाबाइट जागा घेते. आवळण्याच्या प्रकारानुसार तेच ४ किंवा २ मेगाबाइटांत बसते. साध्या भ्रमणध्वनीवर दहा-बारा चित्रे न आवळता घातली की यंत्रणेची दमछाक होते. चित्रे पुसट होतात वा उमटतच नाहीत, आणि दोष पत्त्यावर ढकलला जातो. याशिवाय दुरून पाहण्यासाठी प्रत्येक चित्राच्या निम्म्या-निम्म्या मापाच्या प्रती सोबत ठेवावयाच्या असतात. त्या नसल्या तर लांबून येणाऱ्या गाडीची पाटी लुकलुकते आणि वाचता येत नाही.

आता अक्षरांकडे वळावयास हवे, कारण मराठी मॉडकाराची खास अडचण तेथे आहे. इंग्रजीत लिहिलेल्या मार्गदर्शनात तिचा उल्लेखही बहुधा नसतो. अक्षर हाही एक दृश्य-घटकच होय. फाँट नावाच्या फाइलीत प्रत्येक चिन्हाचे चित्र असते. ते नसेल तेथे रिकामी चौकट उमटते. मॅजेंटा रंग आणि ही चौकट यांत तत्त्वतः भेद नाही. या चौकटीस विनोदाने ‘टोफू’ म्हणत आले आहेत, आणि ‘टोफू नको’ या अर्थाच्या इंग्रजी शब्दांवरूनच गूगलच्या नोटो फाँटांना त्यांचे नाव मिळाले. मराठीतील ‘ॲ’ हे अक्षर युनिकोडात ०९७२ क्रमांकाने २००८ मध्ये, पाच-पूर्णांक-एक आवृत्तीत आले; त्यापूर्वीच्या फाँटांत ते असण्याचा संभव नाही. म्हणून पाटीवर ‘पिशोर’ नीट उमटते आणि शेजारच्या जाहिरातीतील ‘ॲकॅडमी’च्या आरंभी चौकट येते.

पण चौकट न येता होणारा घोटाळा अधिक गंभीर असतो. ‘पिशोर’ या शब्दात युनिकोडाच्या दृष्टीने पाच चिन्हे आहेत : प, ऱ्हस्व वेलांटी, श, ओकार आणि र. उच्चाराच्या क्रमाने वेलांटी ‘प’नंतर साठविलेली असते, परंतु लिहिताना ती ‘प’च्या आधी काढावयाची असते. हा क्रमबदल करण्यासाठी अक्षरजुळणीची स्वतंत्र यंत्रणा लागते. रोमन लिपीस अशा क्रमबदलाची गरज नाही, त्यामुळे अनेक खेळांत ती यंत्रणा घातलेलीच नसते. युनिटीवर रचलेल्या खेळांत वापरले जाणारे टेक्स्टमेशप्रो हे मजकूर-साधनही दीर्घकाळ तिच्यावाचून चालले. मग काय होते? पाच चित्रे साठवल्या क्रमाने एकापुढे एक मांडली जातात. ‘प’ एकटा पडतो, वेलांटी ‘श’च्या आधी येऊन त्यावर झुकते, आणि त्याच ‘श’ला पुढून ओकारही लागतो. एका अक्षरास दोन स्वर, असे रूप देवनागरीत संभवतच नाही. ‘कन्नड’मधील जोडाक्षर फुटून पहिल्या ‘न’चा पाय मोडलेला दिसतो. ‘चिंचोली लिंबाजी’ या जवळच्या गावाच्या नावाची तर दुर्दशाच होते. येथे एकही चित्र हरवलेले नाही. सर्व घटक हजर आहेत आणि शब्द मात्र नाही. व्याकरणाशिवाय शब्दकोश म्हणजे काय, याचे याहून बोलके उदाहरण वर्गात देता येणार नाही.

यावर मराठी मॉडकारांनी काढलेला उपाय साधा आणि उत्तम आहे. पाटी मजकूर म्हणून द्यावयाचीच नाही. ती चित्र म्हणून द्यावयाची. अक्षरजुळणी जाणणाऱ्या साधनात शब्द लिहावा, त्याचे चित्र करावे, आणि ते गाडीच्या टेक्स्चरमध्ये पाटीच्या जागी बसवावे. फोटोशॉपमध्ये हे करावयाचे असल्यास मजकूर-यंत्रणा दक्षिण आशियाई भाषांस अनुकूल अशी निवडावी लागते, नाहीतर तेथेही वेलांटी भलतीकडे जाते. फाँट निवडताना ‘श’ व ‘ल’ यांच्याकडे लक्ष द्यावे. महाराष्ट्र शासनाने २००९ च्या निर्णयात मराठीसाठी देठयुक्त ‘श’ आणि पाकळीयुक्त ‘ल’ हीच रूपे सांगितली आहेत. पुष्कळ फाँटांत मात्र प्रथम हिंदीतील रूपे पुढे येतात, आणि मजकुराची भाषा मराठी आहे असे सांगितल्यासच मराठी रूपे मिळतात. हिंदी वळणाच्या ‘श’ने लिहिलेले ‘पिशोर’ चुकीचे नव्हे. पण गाडीचा एकेक खिळा मूळासारखा हवा असा ज्याचा हट्ट आहे, त्याने पाटीवरील ‘श’ सोडून द्यावा हे विचित्रच.

जुन्या फाँटांचा धोका येथेच सांगितला पाहिजे. फ्लेक्स छापणाऱ्यांकडून मिळविलेल्या फाइलींत मजकूर पुष्कळदा युनिकोडात नसतो. पुण्याच्या मॉड्युलर इन्फोटेकची श्री-लिपी किंवा त्या धर्तीच्या अन्य व्यवस्थांत तो रचलेला असतो. त्या व्यवस्थांत देवनागरीची चित्रे मूळच्या रोमन चिन्हांच्या जागी बसविलेली असत. फाँट जवळ असेपर्यंत ‘पिशोर’ दिसते. फाँट नसला की रोमन अक्षरे व विरामचिन्हे यांची निरर्थक रांग. अशा फाइलीतील अक्षरांचे छापणाऱ्याकडूनच रेखाकृतीत रूपांतर करून घ्यावे. नंतर ते करणे कठीण जाते.

शोध प्रत्यक्षात कसा करावा? आरंभ नोंदवहीपासून करावा. खेळ सुरू असताना यंत्रणा आपल्या कामाची नोंद एका मजकूर-फाइलीत करीत असते. यूरो ट्रकमध्ये ती खेळणाऱ्याच्या दस्तऐवजांच्या फोल्डरात ‘गेम-लॉग’ या नावाने सापडते. न मिळालेल्या फाइलीचा पूर्ण पत्ता तीत लिहिलेला असतो. तो पत्ता आणि प्रत्यक्ष फाइलीचा पत्ता अक्षरशः एकाखाली एक ठेवून वाचावेत, जसे दोन हस्तलिखितांचे पाठ ताडून पाहतात. निम्म्याहून अधिक प्रकरणे बहुधा येथेच निकालात निघतात. नोंद मुकी असेल तर प्रतिस्थापन करावे : आपले चित्र बाजूस काढून त्याच नावाने, खेळात निश्चित चालणारे एखादे चित्र ठेवावे. ते दिसले तर पत्ता बरोबर आणि चित्र सदोष. ते दिसले नाही तर दोष पत्त्याचा. वर्णनात्मक भाषाशास्त्रात ध्वनींचा भेद ठरविण्यासाठी शब्दातील एकच ध्वनी बदलून पाहतात, बाकीचे सारे तसेच ठेवतात. येथेही एका वेळी एकच गोष्ट बदलावयाची. दोन बदल एकदम केले की उत्तर मिळाले तरी ते कशाचे उत्तर हे कळत नाही.

अनेक मॉड एकाच वेळी घातलेले असल्यास ते एकमेकांचे चित्र झाकतात, कारण दोन मॉडकारांनी तोच पत्ता वापरलेला असतो आणि क्रमवारीत वरचढ असलेला टिकतो. अशा वेळी एकेक मॉड काढून पाहणे म्हणजे वेळेचा अपव्यय. निम्मे मॉड बंद करावेत. दोष राहिला तर तो उरलेल्यांत आहे, गेला तर बंद केलेल्यांत. मग त्या निम्म्यांचे पुन्हा निम्मे. ६४ मॉडांतून एक दोषी शोधण्यास अशा सहा पायऱ्या पुरतात. दोन मॉडांच्या संयोगानेच दोष उद्भवत असेल तर ही रीत सरळ लागू पडत नाही, हेही सांगून ठेवले पाहिजे.

एक प्रकार असा की त्यात शोध संपतो, पण दुरुस्ती करता येत नाही. आपली मेहनत दुसऱ्याने आपल्या नावावर खपवू नये म्हणून काही मॉडकार फाइली कुलूपबंद करतात. ही भीती निराधार नाही. एकाने महिनाभर खपून केलेली गाडी दुसरा नाव बदलून वाटतो, असे घडत आले आहे. परंतु कुलूप लावणारा पुढे शिक्षणात, नोकरीत गुंततो, खेळाची नवी आवृत्ती येते, एखादा पत्ता बदलतो आणि गाडी गुलाबी होते. मग ती दुरुस्त करण्याचा अधिकार कोणाकडेच राहत नाही. महामंडळाने रस्त्यावरून काढून टाकलेल्या काही जुन्या बांधणीच्या गाड्यांची इतकी बारकाईची प्रतिकृती अन्यत्र क्वचितच मिळेल. मूळ चित्रे, थर न मिसळलेली, एका विश्वासू व्यक्तीकडे ठेवून मगच कुलूप लावणे हा मधला मार्ग आहे. आणि ‘हरवलेल्या फाइली येथे मिळतील’ असे सांगणाऱ्या अनोळखी ठिकाणाहून चालणीय फाइल, म्हणजे स्वतः काम सुरू करणारी फाइल, कदापि घेऊ नये. चित्र हे चित्रच असते. ते बसविण्यासाठी कार्यक्रम चालवावा लागत असेल तर तेथे शंकेस जागा आहे.

पाटीचे चित्र सापडून, योग्य जागी बसून, स्वच्छ वाचता येऊनही चुकीचे असू शकते. औरंगाबाद शहर व जिल्हा यांचे नाव २०२३ मध्ये छत्रपती संभाजीनगर झाले. त्यापूर्वी केलेल्या मॉडांत ‘औरंगाबाद–कन्नड–पिशोर’ अशी पाटी आहे, आणि यंत्रणेच्या दृष्टीने तीत काहीच उणे नाही. नोंदवहीत तिच्याविषयी एक ओळही येणार नाही. नवे नाव घालू जाता मात्र अडचण उभी राहते. शिंप्याने आखलेली पट्टी ‘औरंगाबाद’च्या लांबीची आहे, ‘छत्रपती संभाजीनगर’ तीत बसविताना अक्षरे इतकी बारीक होतात की दुरून पाहिल्यास ‘त्र’चे जोड दिसत नाही. चिन्हे लहान करावीत, दोन ओळींत लिहावे, की जाळीवरील आखणीच नव्याने करावी, याची निवड करणाऱ्यावर आहे. आखणी नव्याने करणे हेच खरे काम; त्यास साधारण एक दुपार लागते.